वाटणीचा दावा आणि अपील: ‘अंतिमच्या वेळी बघू’ म्हणाल तर हक्क हातचा जाईल

विरासतीबद्दल आमच्याकडे वाचकांचे प्रश्न सतत येत असतात. पूर्वी बहुतेक जण एवढंच विचारायचे, की अब्बांच्या पश्चात कुणाला किती हिस्सा मिळतो. आता प्रश्न पुढे सरकलेत. ‘खालच्या कोर्टाचा निकाल लागला, भाईजान अपिलात गेले, आता काय होणार?’ ‘बहिणीच्या बाजूने हुकूमनामा झाला, पाच वर्षं झाली, हातात काही नाही.’ ‘मुदत गेली म्हणतात, खरं का?’ विचारणाऱ्यांमध्ये बहिणी जास्त आहेत, पण भाऊही आहेत. दुःखाची गोष्ट अशी, की यातले बरेच जण फार उशिरा विचारतात. म्हणून या वेळी आम्ही अपिलाच्या टप्प्याबद्दलच सविस्तर लिहायचं ठरवलं.

उदाहरण कल्पित घेतो, पण ते प्रत्येकाला ओळखीचं वाटेल. रत्नागिरी जिल्ह्यातलं एक सुन्नी कुटुंब. अब्बांचं इंतकाल झालं. मागे अम्मी, दोन मुलगे आणि तीन मुली. मिळकत म्हणजे गावातलं घर, बाजारपेठेतलं एक दुकान आणि कलमांची बाग. थोरला भाऊ दुकान चालवतो, धाकटा कुवेतला, बहिणी आपापल्या सासरी. अम्मी आहेत तोवर विषय काढायचा नाही, असं सगळ्यांनी मनाशी धरलेलं. एक दिवस मधल्या बहिणीला कळतं, की सातबाऱ्यावर फक्त दोन भावांची नावं आहेत. ती दावा लावते.

हिस्से काढणं इथे सोपं आहे. मुलंबाळं असताना विधवेला आठवा हिस्सा. उरलेले सात अष्टमांश मुलामुलींत, मुलाला मुलीच्या दुप्पट. दोन मुलांचे चार भाग, तीन मुलींचे तीन, एकूण सात. म्हणजे अम्मींना 1/8, प्रत्येक मुलीला 1/8 आणि प्रत्येक मुलाला 2/8. सूरह निसामध्ये हे हिस्से ठरवून दिलेले आहेत आणि मिळकत थोडी असो की जास्त, बाईचा हिस्सा त्यात आहे असं तिथे स्पष्ट सांगितलं आहे. नमाज-रोज्यात काटेकोर असलेली माणसं या एका ठिकाणी ‘आमच्यात तशी पद्धत नाही’ म्हणतात, हे आम्हाला कधी उमगलेलं नाही.

आता कोर्टात काय होतं ते पाहू. आपल्या उदाहरणात भावांनी दोन बचाव घेतले. एक, दुकान अब्बांनी हयातीतच थोरल्याला तोंडी हिबा केलं होतं. दोन, बहिणींनी अब्बा असतानाच ‘आम्हाला काही नको’ असं स्टॅम्प पेपरवर लिहून दिलं आहे. दिवाणी न्यायाधीशांनी हिबा मान्य केला आणि दुकान वाटणीतून वगळलं. घर आणि बाग यांत मात्र सगळ्यांचे हिस्से जाहीर केले. कुणीच पूर्ण खूश नाही. अपिलाची सुरुवात बहुतेक वेळा अशीच होते.

दोन हुकूमनामे असतात, हे आधी समजून घ्या

वाटणीच्या दाव्यात बहुधा दोन टप्प्यांत हुकूमनामा होतो. पहिल्यात कोर्ट ठरवतं, की वाटणीच्या मिळकती कोणत्या आणि कुणाचा हिस्सा किती. हा प्राथमिक हुकूमनामा. त्यानंतर जागेवर मोजणी होऊन कुणाला कोणता तुकडा, कोणती खोली, हे ठरतं आणि अंतिम हुकूमनामा होतो.

‘प्राथमिक’ या शब्दाने फार लोकांना फसवलं आहे. वाटतं, ही तर सुरुवात आहे, खरा निकाल अजून व्हायचाय. कधी कधी घरातलाच कुणी समजावतो, ‘आत्ता कशाला खर्च, अंतिमच्या वेळी एकदमच बघू.’ दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 97 नेमकं याच्या उलट सांगतं. प्राथमिक हुकूमनाम्यावर ज्याने अपील केलं नाही, त्याला अंतिम हुकूमनाम्याच्या अपिलात प्राथमिक हुकूमनामा चुकीचा होता असं म्हणता येत नाही. आपल्या उदाहरणातल्या बहिणीने दुकानाचा प्रश्न प्राथमिक हुकूमनाम्याविरुद्ध अपिलात नेला नाही, तर पुढे आठ वर्षांनी अंतिम हुकूमनामा झाल्यावर तिला फक्त घराची भिंत कुठे पडली, बागेचा कोणता भाग मिळाला, यावर बोलता येईल. दुकान गेलं ते गेलंच. भावांचंही तसंच. ‘बहिणींनी सोडून दिलं होतं’ हा मुद्दा तेव्हा उकरून काढता येणार नाही.

आमच्याकडे आलेल्या प्रश्नांत सर्वांत जास्त नुकसान या एका गैरसमजाने झालेलं दिसतं.

मुदत किती, कोर्ट कोणतं

जिल्हा न्यायालयात अपील करायचं तर 30 दिवस, उच्च न्यायालयात करायचं तर 90 दिवस. हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजायचे. निकालाची प्रमाणित नक्कल मिळायला लागलेला वेळ यातून वजा होतो, पण त्यासाठी नकलेचा अर्ज वेळेत दिलेला हवा. म्हणून निकाल लागला की त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज टाका, अपील करायचं की नाही ते नंतर ठरवा. उशीर झालाच तर मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा अर्ज करता येतो. तिथे कारण सबळ लागतं. दवाखान्याचे कागद असतील तर ते जोडा. ‘भाऊ समजुतीने देतो म्हणाला म्हणून थांबलो’ हे कारण माणूस म्हणून पटण्यासारखं आहे, पण कोर्टाला ते पटेलच असं नाही.

तालुक्याच्या कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांच्या निकालावर पहिलं अपील जिल्हा न्यायालयात होतं. वरिष्ठ स्तर न्यायालयाचा निकाल असेल तर दाव्याच्या मूल्यांकनावर ठरतं. रक्कम ठरावीक मर्यादेच्या आत असेल तर जिल्हा न्यायालय, वर असेल तर थेट उच्च न्यायालय. ही मर्यादा वेळोवेळी बदललेली आहे, तेव्हा जुन्या माहितीवर जाऊ नका. मुंबईच्या नगर दिवाणी न्यायालयाचं अपील उच्च न्यायालयातच जातं. विदर्भासाठी नागपूर, मराठवाडा, नगर आणि खानदेशसाठी छत्रपती संभाजीनगर, आणि 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचं खंडपीठ. चिपळूण-खेडच्या माणसाला आता प्रत्येक तारखेला मुंबई गाठावी लागत नाही, हा मोठाच दिलासा.

वकिलाची फी परवडत नाही म्हणून बहिणी गप्प बसतात. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 प्रमाणे कोणत्याही स्त्रीला मोफत कायदेशीर मदत मागता येते आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. तालुका, जिल्हा आणि उच्च न्यायालय या तिन्ही ठिकाणी ही समिती असते. अपिलासाठीही वकील मिळतो.

पहिल्या अपिलात काय तपासलं जातं

पहिलं अपील हे नावाला अपील नसतं. तिथे साक्षीपुरावा आणि कायदा दोन्ही पुन्हा तपासले जातात. सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये सांगितलं, की पहिलं अपील हा पक्षकाराचा मोलाचा हक्क आहे आणि अपील न्यायालयाने वस्तुस्थिती व कायदा या दोन्ही बाबींवर स्वतःचं डोकं लावून, मुद्दे काढून, कारणांसह निकाल द्यायला हवा. ‘खालच्या कोर्टाशी सहमत’ एवढं लिहून भागत नाही.

पण पुरावा तोच. नव्याने साक्षीदार उभे करण्याची ही जागा नाही. खालच्या कोर्टाने पुरावा चुकीने नाकारला असेल, किंवा पुरेशी काळजी घेऊनही तो तेव्हा मिळाला नव्हता असं दाखवता येत असेल, किंवा निकाल देण्यासाठी कोर्टालाच तो हवा असेल, तरच ऑर्डर 41 नियम 27 खाली नवा कागद येतो. अब्बांच्या कपाटात आता एक पावती सापडली, हे सांगणं पुरेसं नाही. तेव्हा कपाट का उघडलं नाही, याचं उत्तर लागतं. आणि जो मुद्दा कैफियतीत घेतलाच नाही, तो अपिलात टिकत नाही.

शेतजमिनीबाबत हे नेहमी घडतं. 1937 च्या शरियत कायद्यातून शेतजमीन वगळलेली आहे. त्याचा आधार घेऊन ‘आमच्या समाजात बहिणींना शेतात हिस्सा द्यायची रूढी नाही’ असं अपिलात पहिल्यांदा सांगितलं जातं. रूढी नुसती सांगून चालत नाही. ती जुनी आहे, सलग पाळली गेली आहे आणि तिचं स्वरूप निश्चित आहे, हे आधी कैफियतीत मांडावं लागतं आणि मग साक्षीपुराव्याने सिद्ध करावं लागतं. सिद्ध करण्याचा भार रूढी सांगणाऱ्यावर.

अपील दाखल झालं म्हणजे खालचा निकाल थांबला, असंही नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज करून आदेश मिळवावा लागतो. तो नसेल तर अपील पडून असतानाही अंतिम हुकूमनाम्याचं काम पुढे नेता येतं. ज्यांना हिस्सा मिळाला आहे त्यांनी हे लक्षात ठेवावं, आणि ज्यांचं नुकसान होणार आहे त्यांनीही.

दुसऱ्याने अपील केलं आणि तुम्ही केलं नाही, तरी एक वाट उरते. अपिलाची नोटीस मिळाल्यापासून एक महिन्याच्या आत क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे उलट हरकत, दाखल करता येते. आपल्या उदाहरणात फक्त भावांनी घराबद्दल अपील केलं असेल, तर बहीण त्याच अपिलात दुकानाचा प्रश्न उलट हरकतीने उभा करू शकते. म्हणून नोटीस आली की ‘माझ्या बाजूचा तर निकाल आहे’ म्हणून कपाटात टाकून देऊ नका.

हिबा: अपिलात हाच मुद्दा फिरतो

तोंडी हिबा मुस्लिम कायद्यात चालतो, त्याला नोंदणी लागत नाही. त्यामुळे भावाचं म्हणणं ऐकूनच बहिणीला वाटतं, संपलं. तसं नाही. तीन गोष्टी सिद्ध व्हाव्या लागतात: देणाऱ्याने दिल्याचं जाहीर केलं, घेणाऱ्याने स्वीकारलं, आणि ताबा दिला. हिब्याची याद नंतर कागदावर लिहून काढली तर तेवढ्याने तो कागद नोंदणी करावाच लागतो असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये मान्य केलं. पण या तीन गोष्टींतून सूट कुणालाच नाही.

तिसरी गोष्ट बहुतेक वेळा अडते. अब्बा वारेपर्यंत स्वतः गल्ल्यावर बसत होते का? दुकानाचा परवाना, विजेचं बिल, घरपट्टीची पावती, पोटभाडेकरूचं भाडं कुणाच्या नावाने चालू राहिलं? हिब्यानंतर काहीच बदललं नसेल तर ताबा दिला हे म्हणणं कच्चं पडतं. शेवटच्या आजारपणात, मृत्यू समोर दिसत असताना दिलेला हिबा असेल तर त्याला वसीयतीसारख्या मर्यादा लागतात. आणि सुन्नी कायद्यात वारसालाच वसीयत करायची तर इतर वारसांची संमती अब्बांच्या इंतकालानंतर मिळालेली हवी. शिया कायद्यात एक तृतीयांशापर्यंत ती संमतीशिवाय चालते.

साक्ष कुणी दिली तेही पाहा. कुवेतमधल्या भावाने मुखत्यारपत्र पाठवलं आणि त्याच्या वतीने मेहुणा पिंजऱ्यात उभा राहिला, असं सर्रास होतं. 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं, की मुखत्याराने स्वतः केलेल्या गोष्टींबद्दल तो साक्ष देऊ शकतो, पण मालकालाच ठाऊक असलेल्या गोष्टी मुखत्यार सांगू शकत नाही. ‘माझ्यासमोर अब्बांनी दुकान दिलं’ हे सांगायला ज्याच्यासमोर दिलं तोच यावा लागतो. भावांनीही हे लक्षात घ्यावं. रजा मिळाली नाही म्हणून खरा हिबासुद्धा सिद्ध न झाल्याचं होऊ शकतं.

‘आम्हाला काही नको’ हे कधी लिहून दिलं?

दुसरा बचाव हक्कसोडीचा. इथे तारीख पाहायची. मुस्लिम कायद्यात मुलाला किंवा मुलीला जन्माने हक्क मिळत नाही. अब्बा हयात असताना त्यांच्या मिळकतीत कुणाचाच हिस्सा नसतो, असते ती फक्त आशा. जे आपलं नाहीच ते सोडणार कसं? त्यामुळे अब्बांच्या हयातीत लिहिलेली हक्कसोड स्वतःच्या बळावर हक्क संपवत नाही.

पण याला दुसरी बाजू आहे, आणि ती लपवून आम्ही वाचकांची फसवणूक करणार नाही. ‘गुलाम अब्बास विरुद्ध हाजी कय्यूम अली’ या 1973 च्या प्रकरणात वाद भावाभावांतलाच होता. बाप कर्जात बुडालेला. ज्या मुलांची परिस्थिती बरी होती त्यांनी कर्ज फेडून मिळकत वाचवली. बाकीच्यांनी रोख आणि सामान घेऊन पुढे हक्क सांगणार नाही असं लिहून दिलं. बाप गेल्यावर त्यांनी हिस्सा मागितला. उच्च न्यायालयाने त्यांची बाजू घेतली होती. सर्वोच्च न्यायालयाने निकाल फिरवला. मोबदला घेऊन, दुसऱ्याला त्या शब्दावर खर्च करू देऊन, नंतर मागे फिरता येत नाही, असं ठरलं. तेव्हा प्रश्न विचारायचा तो हा: लिहून देताना बहिणीला खरोखर काही मिळालं होतं का, आणि त्या भरवशावर भावाने काही केलं का? नुसता ईदीचा जोडा आणि ‘माहेर तुटू नये’ ही भीती म्हणजे मोबदला नव्हे.

इंतकालानंतर लिहिलेलं हक्कसोडपत्र वेगळं. स्थावर मिळकतीतला हिस्सा सोडायचा तर नोंदणीकृत दस्त लागतो. तलाठ्यासमोर ‘माझी हरकत नाही’ असा जबाब देऊन नाव कमी झालं, तेवढ्याने मालकी जात नाही. फेरफार आणि सातबारा महसुलासाठी असतात, ते खरे मानले जातात पण खोडून काढता येतात. मात्र नोंदणीकृत हक्कसोडपत्रावर फसवून सही घेतली असेल, तर ते रद्द करून मागण्याची मुदत फसवणूक कळल्यापासून तीन वर्षं आहे. ती जाऊ देऊ नका.

‘वीस वर्षं मी राहतोय, आता घर माझंच’ हाही एक बचाव ऐकू येतो. मुस्लिम वारस आपापल्या ठरलेल्या हिश्शाचे सहमालक असतात आणि इंतकालाच्या क्षणी हिस्सा त्यांच्याकडे येतो. 1971 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे, की मिळकत न वाटता तशीच ठेवली असेल, तर हिस्सा मागण्याची मुदत बापाच्या मृत्यूपासून सुरू होत नाही. एका वारसाने दुसऱ्याचा हक्क उघडपणे नाकारला, त्याला बाहेर काढलं, तिथून ती सुरू होते. एकाचा ताबा तोवर सगळ्यांचाच ताबा मानतात. पण भावाने नोटिशीला ‘तुझा काही हक्क नाही’ असं लेखी उत्तर दिलं असेल, तर ती तारीख वहीत लिहून ठेवा. तिथपासून बारा वर्षं मोजली जातात.

अपील चालू असताना माणसं जातात

हे लिहायला बरं वाटत नाही, पण अपिलं वर्षानुवर्षं चालतात आणि दरम्यान कुणाचं ना कुणाचं इंतकाल होतं. मयताचे वारस 90 दिवसांत रेकॉर्डवर घ्यावे लागतात. नाही घेतले तर त्याच्यापुरतं अपील आपोआप संपतं, आणि वाटणीत एकापुरतं संपलेलं अपील सगळ्यांनाच बुडवू शकतं. पुढच्या 60 दिवसांत ते पूर्ववत करण्याचा अर्ज करता येतो, त्यानंतर विलंब माफी मागावी लागते. एकमेकांशी बोलणं बंद असलेल्या भावंडांना कधी कधी मयतीची खबरही कोर्टाच्या तारखेला कळते. वकिलाला फोन करून सांगा, एवढंच.

हिस्सेही बदलतात. आपल्या उदाहरणात अपील चालू असताना अम्मी गेल्या आणि त्यांचे आईवडील आधीच वारलेले आहेत असं धरू. त्यांचा 1/8 पुन्हा सात भागांत: प्रत्येक मुलीला 1/56, प्रत्येक मुलाला 2/56. मुलीचा आधीचा 1/8 म्हणजे 7/56, त्यात 1/56 मिळवले की 8/56, म्हणजे 1/7. मुलाचा 2/7. अंतिम हुकूमनामा होईपर्यंत कोर्ट हा बदल करून सुधारित प्राथमिक हुकूमनामा देऊ शकतं. नवा दावा लावायची गरज नाही.

तारखेचा आणखी एक घोळ. एखादा भाऊ अब्बांच्या आधी वारला असेल, तर त्याच्या मुलांना आजोबांच्या मिळकतीत चुलत्यांबरोबर हिस्सा मिळत नाही. तोच भाऊ अब्बांच्या नंतर वारला असेल, तर त्याचा हिस्सा त्याच्या बायकामुलांकडे जातो. दोन मृत्यूंमध्ये आठ दिवसांचं अंतर असलं तरी फरक पडतो. म्हणून मृत्यूचे दाखले खालच्या कोर्टातच दाखल करा. पोरक्या नातवंडांसाठी आजोबा हयातीत हिबा किंवा एक तृतीयांशापर्यंत वसीयत करू शकतात. पण ते त्यांनी हयातीत करायला हवं, कोर्ट नंतर करून देत नाही.

दुसरं अपील म्हणजे तिसरी संधी नव्हे

जिल्हा न्यायालयात हरलेला उच्च न्यायालयात दुसरं अपील करू शकतो, 90 दिवसांत. पण संहितेच्या कलम 100 प्रमाणे तिथे फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न ऐकला जातो. कोणता साक्षीदार खरा, कोणता खोटा, हे तिथे काढायचं नसतं. ताब्याचा पुरावा नसतानाही हिबा मान्य केला, सिद्ध करण्याचा भार चुकीच्या माणसावर टाकला, हयातीतली हक्कसोड मोबदल्याचा विचार न करता बंधनकारक धरली, असले प्रश्न चालू शकतात. दोन्ही कोर्टांनी साक्षीपुरावा पाहून एकच निष्कर्ष काढला असेल तर वरच्या कोर्टात तो फिरणं अवघड. ‘शेवटपर्यंत लढू’ म्हणणाऱ्यांनी त्याआधी वकिलाला एवढंच विचारावं, की कायद्याचा प्रश्न कोणता आहे ते एका वाक्यात सांगा.

समझोता कुठे, कसा

आमच्या मते भावंडांनी समझोत्याला बसायची योग्य वेळ पहिल्या अपिलात असते. तोवर पुरावा उघड झालेला असतो, कुणाची बाजू कुठे कच्ची ते दोघांनाही कळलेलं असतं, आणि पुढचा रस्ता अरुंद आहे हेही. अपील न्यायालय प्रकरण मध्यस्थीला पाठवू शकतं किंवा लोकअदालतीत ठेवू शकतं. लोकअदालतीत मिटलं तर भरलेली कोर्ट फी परत मिळते, निवाड्याला हुकूमनाम्याचं बळ असतं आणि त्यावर अपील नसतं. संमतीच्या हुकूमनाम्यावरही अपील चालत नाही. म्हणून सही करण्याआधी बहिणीने कागद स्वतः वाचावा, नवऱ्याने किंवा मुलाने वाचला एवढ्यावर सोडू नये.

जमातीत किंवा दारुल कजात बसून मिटवायलाही हरकत नाही. कितीतरी घरं तिथे सावरली आहेत. पण 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितल्याप्रमाणे तिथल्या निर्णयाला कायद्याचं बळ नाही. दोघांनी राजीखुशीने मानला तरच तो चालतो. तेव्हा तिथे ठरलेलं अपिलात समझोत्याच्या पुरशिशीने दाखल करून हुकूमनामा घ्या. मशिदीत सगळ्यांसमोर ‘देतो’ म्हटलेलं सहा महिन्यांनी कुणाला आठवत नाही.

गोव्यातल्या वाचकांसाठी थोडक्यात: तिथे हे हिस्से लागू नाहीत. पोर्तुगीज काळापासून चालत आलेला समान नागरी कायदा मुस्लिमांनाही लागू आहे, मुलगा-मुलीचा वारसा सारखा असतो आणि वाटणी इन्व्हेंटरी कार्यवाहीतून होते.

अपील संपलं, मग?

इथेच बहुतेक बहिणी थकतात. अपिलात जिंकल्या, पेढे वाटले, आणि फाईल बांधून ठेवली. प्राथमिक हुकूमनाम्याने ताबा मिळत नाही. अंतिम हुकूमनाम्यासाठी काम पुढे न्यावं लागतं. त्याला मुदत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये सांगितलं, आणि 13 जून 2022 च्या निकालात तर खालच्या कोर्टांनी प्राथमिक हुकूमनाम्यानंतर वेगळ्या अर्जाची वाट न पाहता प्रकरण पुढे चालवावं असे निर्देश दिले. तरीही स्वतः अर्ज देऊन ठेवा. आठवण करून देणारं कुणी असलं की काम हलतं.

बागेची, म्हणजे सारा भरणाऱ्या जमिनीची, प्रत्यक्ष वाटणी कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि मोजणी भूमी अभिलेख खात्याकडून होते. तुकडेबंदी आड आली तर एकाने जमीन घेऊन दुसऱ्याला पैसे द्यावे लागतात. घरासाठी कोर्ट कमिशनर येतो, खोल्या मोजतो, नकाशा करतो. दोन खोल्यांचं घर पाच जणांत वाटता येत नसेल तर 1893 च्या वाटणी कायद्याखाली विक्री होऊ शकते आणि आधी भावंडांनाच कोर्टाने ठरवलेल्या किमतीत एकमेकांचा हिस्सा घेण्याची संधी मिळू शकते. एखाद्याने चिडून आपला हिस्सा परक्याला विकला आणि त्या परक्याने वाटणी मागितली, तर राहत्या घरापुरता तो हिस्सा विकत घेण्याचा हक्क बाकीच्यांना आहे.

अंतिम हुकूमनामा मुद्रांक कागदावर उतरवून घ्यावा लागतो, त्याचा खर्च हिश्शाप्रमाणे वाटून घ्या. मग त्याची प्रमाणित नक्कल घेऊन गावात तलाठ्याकडे आणि शहरात सिटी सर्व्हे कार्यालयात अर्ज द्या, पोच घ्या, आणि फेरफार मंजूर झाल्यावर नवा सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड काढून त्यावर बहिणींची नावं आली आहेत का, ती बरोबर लिहिली आहेत का, हे तिथल्या तिथे पाहून घ्या.